पोर्तुगालचा जोआकिम दे आल्मेडा: चाळीस वर्षं नुसते ड्रगमाफियाच?

सायंतारा (शुक्रवार, रात्री ११:४०)

गेल्या आठवड्यात '२४' या अमेरिकन मालिकेचा तिसरा सीझन पुन्हा बघायला घेतला. त्यात रामोन सालाझार नावाचा ड्रगमाफिया आहे. सुरुवातीला तुरुंगात असतो, पण त्या कोठडीतूनही सगळ्यांना नाचवतो. मुलगा शेजारी बसला होता, तो म्हणाला, "बाबा, हा 'फास्ट फाइव्ह'मधला रेयेस!" मग मी शोधत बसलो आणि रात्रीचे दोन वाजले.

'डेस्पराडो'मधला (१९९५) बूचो हाच. 'क्लिअर अँड प्रेझेंट डेंजर'मधला (१९९४) फेलिक्स कोर्तेझ हाच. 'क्वीन ऑफ द साउथ' मालिकेतला (२०१६) डॉन एपिफानिओ पण हाच. कधी क्यूबन, कधी मेक्सिकन, कधी ब्राझिलियन. आणि माणूस यातला कुठलाच नाही! जोआकिम दे आल्मेडा, जन्म १५ मार्च १९५७, लिस्बन. आईवडील दोघंही फार्मासिस्ट. लिस्बनच्या कन्झर्व्हेटरीत दोन वर्षं नाटक शिकला. १९७४ ला तिथे क्रांती झाली, त्या धामधुमीत कन्झर्व्हेटरी काही काळ बंद पडली, तेव्हा हा व्हिएन्नाला गेला. तिथे झाईरेच्या राजदूताकडे माळीकाम केलं. १९७६ मध्ये न्यूयॉर्क, ली स्ट्रासबर्गची अभिनयशाळा.

इतकी तयारी केलेला, पाच-सहा भाषा बोलणारा नट, आणि हॉलिवूडने त्याला काय दिलं? सिल्कचा शर्ट, सिगार आणि शेवटी गोळी. मला तरी ही नासाडी वाटते. तुम्हाला काय वाटतं? त्याचं काही वेगळं काम पाहिलं असेल तर जरूर सांगा.

झणझणीत (शुक्रवार, रात्री ११:५८)

बूचो!! कॉलेजात असताना व्हीएचएसवर पाहिलेला. गावात फिरा, अनोळखी माणूस दिसला की गोळी घाला, यात अवघड काय आहे, असं आपल्याच माणसांवर डाफरतो तो प्रसंग अजून डोळ्यांपुढे आहे. चिडलेला मालक दाखवावा तर असा.

ती भूमिका आधी राउल ज्युलिया करणार होते. ऑक्टोबर १९९४ मध्ये ते गेले आणि मग आल्मेडाला घेतलं. एवढ्या मोठ्या नटाच्या जागी ऐनवेळी उभं राहायचं आणि लोकांच्या लक्षात राहायचं, याला नासाडी म्हणवत नाही मला.

मांडवीकाठ (शनिवार, सकाळी ७:१५)

धागा उघडला आणि चहा गार झाला. मी पणजीचा. आमच्या आजोबांचं शिक्षण लिसेवात, पोर्तुगीजमधून. त्यामुळे या नावांशी लहानपणापासूनची ओळख.

दोन गोष्टी सांगतो.

एक, पोर्तुगीज नट आणि त्याला आडनाव दिलंय सालाझार! अमेरिकन लेखकाला ते नुसतं एक स्पॅनिश आडनाव वाटलं असणार. पण १९६१ पर्यंतचा गोवा ज्यांनी पाहिला, त्यांच्यासाठी सालाझार म्हणजे लिस्बनमध्ये बसून आमच्यावर राज्य करणारा हुकूमशहा. आणि हा नट त्याच राजवटीत जन्मला, वाढला. सालाझार १९७० मध्ये वारला, राजवट पडली १९७४ मध्ये. म्हणजे याच्या सतराव्या वर्षापर्यंत घरात, शाळेत, रस्त्यात तीच हवा. ते नाव पडद्यावर स्वतःचं म्हणून उच्चारताना त्याला काय वाटलं असेल, असा विचार माझ्या मनात दर वेळी येतो.

दोन, 'फास्ट फाइव्ह' नीट ऐका. रेयेस गिऱ्हाइकांना एक गोष्ट सांगतो. पाचशे वर्षांपूर्वी स्पॅनिश बंदुका घेऊन आले, ते मारले गेले. पोर्तुगीज आरसे, कात्र्या, भेटवस्तू घेऊन आले. लोकांना त्या वस्तूंची सवय लावली, मग त्यासाठी राबवून घेतलं, आणि म्हणून आज ब्राझील पोर्तुगीज बोलतो. आपणही वस्त्यांना पाणी, वीज, शाळा देऊन तेच करतो, असा त्याचा हिशेब. हे बोलणारा नट खुद्द पोर्तुगीज! गोव्यात बसून ते ऐकलं की अंगावर काटा येतो. (आमच्याकडे भेटवस्तूंच्या आधी तलवार आली होती, ते अर्थात त्या गोष्टीत नाही.)

त्या एका प्रसंगासाठी मी त्याला शंभर ड्रगमाफिया माफ करीन.

वसईचा_वारा (शनिवार, सकाळी ९:३०)

मांडवीकाठ, काय सुंदर लिहिलंय.

आमच्या वसईत आल्मेडा आडनावाची घरं कितीतरी. माझ्या वर्गातच दोघं होते. घरी कादोडी ही इथली बोली बोलायचे, शाळेत मराठी, निबंधात माझ्यापेक्षा जास्त मार्क. पोर्तुगीज इथे १५३४ पासून १७३९ पर्यंत, चिमाजीअप्पांनी किल्ला घेईपर्यंत. भाषा गेली, आडनावं राहिली. त्यामुळे श्रेयनामावलीत 'दे आल्मेडा' वाचलं की मला उगाच शेजारचं कुणी वाटतं.

अवांतर: पहिला पोर्तुगीज व्हाइसरॉय फ्रान्सिस्को दे आल्मेडा (१५०५). आडनाव तेच. नात्यागोत्याचं मात्र मला विचारू नका.

अण्णा_सातारा (शनिवार, सकाळी १०:०५)

सयाजी शिंदे आठवले.

आमच्या साताऱ्याकडचा माणूस. 'शूल'मध्ये (१९९९) बिहारी बच्चू यादव झाला. त्यानंतर तेलुगूत खलनायकांची रांग लागली. तिकडच्या कित्येक प्रेक्षकांना हा मराठी आहे याचा पत्ताही नसेल. पण त्याच माणसाने तमिळमध्ये 'भारती'त (२०००) महाकवी सुब्रमण्य भारती केला, हे लोक विसरतात. तमिळ लोकांनी आपला कवी एका मराठी नटाच्या हाती दिला!

म्हणून सायंतारा यांना विचारतो, आल्मेडाच्या वाट्याला असा एखादा 'भारती' आला का? आला असेल तर मी नासाडी म्हणणार नाही.

सायंतारा (शनिवार, सकाळी १०:४०)

अण्णा, अगदी मर्मावर बोट ठेवलंत. मला तेच शोधायचंय.

मांडवीकाठ, तो रेयेसचा प्रसंग आत्ताच परत पाहिला. पहिल्यांदा मी तो पूर्ण घालवला होता.

नाट्यवेडा (शनिवार, दुपारी १:२०)

मी या धंद्यातला आहे, म्हणून जरा लांबलचक लिहितो. राग मानू नका, पण 'नासाडी' हा शब्द बाहेरून बघणाऱ्याचा आहे.

मी वीस वर्षं प्रायोगिक नाटक करतोय. पोटासाठी हिंदी मालिकांच्या ऑडिशनला जातो. एका ठिकाणी मी पूर्ण वाचन केलं, समोरच्या मुलाने कौतुक केलं आणि मग म्हणाला, सर, जरा मराठी टोन लावाल का, हवालदार आहे. घरी येऊन मी आरशासमोर उभा राहिलो आणि विचार केला की माझा टोन याहून मराठी कसा करायचा. ती भूमिका मी केली. चार दिवसांचं काम होतं, मुलीची फी भरली गेली.

आता सांगा, आल्मेडाने काय करायला हवं होतं? न्यूयॉर्कमध्ये बारमध्ये काम करून शिकलेला पोरगा. पहिला सिनेमा १९८२ चा 'द सोल्जर'. पुढच्या वर्षी 'द ऑनररी कॉन्सुल', समोर मायकेल केन आणि रिचर्ड गिअर. 'मायामी व्हाइस'सारख्या मालिका. दार उघडलं ते 'लॅटिन' अशी पाटी लावूनच. त्याने ती पाटी घेतली, पण आतली माणसं एकसारखी केली नाहीत. कोर्तेझ हा हिशेबी, गोड बोलणारा हेरखात्यातला माणूस. बूचो आपल्याच माणसांना कंटाळलेला. रामोन सालाझारचा जीव सख्ख्या भावात अडकलेला. तीन माफिया, तीन वेगळ्या चाली. कोर्तेझ खोलीत शिरतो तो बघा आणि बूचो शिरतो तो बघा. हे आपोआप होत नाही हो, त्यासाठी रोज घाम गाळावा लागतो.

सदाशिव अमरापूरकरांनी 'अर्धसत्य'मध्ये (१९८३) रामा शेट्टी केला. नगरचा माणूस, शेट्टी झाला. कुणी म्हणतं का नासाडी?

चाफेकळी (शनिवार, दुपारी २:०२)

+१००. डोळ्यांत पाणी आलं, नाट्यवेडा.

झणझणीत (शनिवार, दुपारी २:१०)

अवांतर: '२४'वरून आठवलं, आपले अनिल कपूर त्याच्याच आठव्या सीझनमध्ये (२०१०) राष्ट्राध्यक्ष ओमर हसन होते, आणि नंतर हिंदीत '२४' आणली. म्हणजे भारतीय नट तिथे थेट राष्ट्राध्यक्ष झाला आणि पोर्तुगीज नट कैदी! :)

तेजू_लिस्बन (शनिवार, संध्याकाळी ६:४५)

धाग्यावर उशिरा आले. अकरा वर्षं लिस्बनमध्ये राहते, त्यामुळे इथलं थोडं सांगते.

आधी उच्चार. इथे 'झ्वाकीं द आल्मैदा' असं म्हणतात. पहिलं अक्षर आपल्या 'जहाजा'तलं नाही, आणि मधले स्वर लोक गिळून टाकतात. ब्राझीलच्या लोकांना इथलं बोलणं पटकन कळत नाही, ते याच गिळण्यामुळे.

आता मुद्द्याचं. पोर्तुगालची लोकसंख्या एक कोटीच्या जरा वर. मुंबई शहराहून कमी! एवढ्याशा देशात सिनेमा कसा चालणार? सरकारी मदतीवर थोडे सिनेमे निघतात, बाकी नटांचं घर टीव्हीवर चालतं. ब्राझीलची 'गाब्रिएला' ही मालिका १९७७ मध्ये इथे लागली आणि देश वेडा झाला. मग १९८२ मध्ये पहिली देशी तेलेनोव्हेला (म्हणजे रोजची मालिका) आली, 'व्हिला फाइया', त्यात निकोलाउ ब्रायनर होते. खासगी वाहिन्या १९९२-९३ मध्ये सुरू झाल्या आणि रोज रात्रीच्या मालिका हाच धंदा झाला. आपल्याकडच्या आठ-साडेआठच्या मालिका डोळ्यांपुढे आणा, तस्संच.

आल्मेडाची गंमत अशी की तो बाहेर राहूनही सारखा घरी येत राहिला. 'आदांव ए एव्हा' (१९९५) हा इथला सिनेमा, त्यासाठी त्याला इथला 'ग्लोबो द ओरो' पुरस्कार मिळाला. म्हणजे ज्या वर्षी जग त्याला बूचो म्हणून बघत होतं, त्याच वर्षी इथले लोक त्याला नायक म्हणून बघत होते. २००० मध्ये मारिया द मेदेइरुश या अभिनेत्रीने १९७४ च्या क्रांतीवर 'कापितांइश द आब्रिल' केला, त्यातही हा आहे. ज्या क्रांतीच्या गोंधळात त्याची शाळा बंद पडली, तिच्यावरचाच सिनेमा.

आणि अण्णा, तुमचा 'भारती' हवाय ना? मग २००१ चा 'ओ शांगो द बेकर स्ट्रीट' घ्या. ब्राझीलचा सिनेमा. सम्राट पेद्रू दुसरा याच्या काळात शेरलॉक होम्स रिओला येतो. होम्स कोण? आल्मेडा!

अण्णा_सातारा (शनिवार, संध्याकाळी ७:००)

शेरलॉक होम्स?! बास. मी माझे शब्द मागे घेतो.

मांडवीकाठ (शनिवार, संध्याकाळी ७:३०)

तेजूताई, देव बरें करूं! उच्चाराचं अगदी खरं. आमचे आजोबा रेडिओवर लिस्बन ऐकायचे आणि 'स्वर खाल्ले मेल्यांनी' म्हणायचे.

तुमच्या टीव्हीच्या मुद्द्यावरून आठवलं. तिथल्या आरटीपी या सरकारी वाहिनीचं नियमित प्रसारण ७ मार्च १९५७ ला सुरू झालं, आणि हा नट १५ मार्चचा. म्हणजे टीव्ही त्याच्यापेक्षा आठ दिवसांनी मोठा. गोव्याला मात्र पोर्तुगीज राज्यात टीव्ही कधी दिसलाच नाही.

आणखी एक सिनेमा सुचवतो, 'सोस्तिएने पेरेइरा' (१९९५), इटालियन. १९३८ चं लिस्बन, सालाझारची दहशत, मार्चेल्लो मास्त्रोयान्नी वृद्ध पत्रकार. आल्मेडा त्यात कॅफेतला वेटर मानुएल. छोटीशी भूमिका. पण वर्तमानपत्रात छापता न येणाऱ्या बातम्या त्या वेटरकडून कळतात. ज्यांच्या घरात हळू आवाजात बोलायची सवय होती, त्यांना ते बघताना वेगळं सांगावं लागत नाही.

रोखठोक (शनिवार, रात्री ९:१५)

सगळे कौतुक करताहेत म्हणून दुसरी बाजू मांडतो. तुम्ही गेलेल्या माणसाचं बोलताय, राहिलेल्याचं काय? लुईश मिगेल सिंत्रा हा नट लिस्बनमध्येच राहिला. १९७३ मध्ये 'तेआत्रु दा कोर्नुकोपिया' ही नाट्यसंस्था काढली आणि २०१६ पर्यंत चालवली, त्रेचाळीस वर्षं. मानुएल द ओलिव्हेइरासारख्या दिग्दर्शकाचे सिनेमे केले. त्याचं नाव या धाग्यात कुणाला आठवलं नाही, कारण त्याने बंदूक हातात घेऊन हॉलिवूडमध्ये काम केलं नाही. आपण ज्याला 'करिअर' म्हणतो ते अमेरिकेने बघितलं तरच मोजायचं का?

आल्मेडा वाईट नट नाही. २००५ मध्ये अमेरिकेचा नागरिकही झाला, त्याचा निर्णय. पण छोट्या भाषेला राहणारे लागतात.

नाट्यवेडा (शनिवार, रात्री ९:५०)

रोखठोक, सिंत्राबद्दल १००% सहमत, असा माणूस आपल्याकडे असता तर त्याच्या पाया पडलो असतो. पण 'राहणारा विरुद्ध जाणारा' ही लढाई नकोच. पुढची पिढी बघा ना. दानिएला रुआ 'एनसीआयएस: लॉस एंजेलिस'मध्ये २००९ पासून शेवटच्या भागापर्यंत होती, आणि तिथे ती माफियाची बायको नव्हती, मुख्य एजंट होती. नुनु लोपिश घरी राहून 'सांव जॉर्ज'साठी २०१६ मध्ये व्हेनिसला बक्षीस घेऊन आला आणि मग नेटफ्लिक्सवर दिसला. आल्मेडा गेला तेव्हा वाट नव्हती. ती ज्यांनी पाडली त्यांत तो आहे.

रोखठोक (शनिवार, रात्री १०:०५)

वाट पाडल्याचं मान्य. पण सिंत्राचं नाव धाग्यात आलं, एवढंच मला हवं होतं.

चाफेकळी (रविवार, सकाळी ८:४०)

तेजूताई, एक शंका. तिकडे इंग्रजी सिनेमे पोर्तुगीजमध्ये डब करत नाहीत का? मग त्याचा इंग्रजीतला आवाज लोकांना ओळखीचा असेल ना?

तेजू_लिस्बन (रविवार, सकाळी ११:२०)

नाही करत. लहान मुलांचे सोडले तर सगळं मूळ आवाजात, खाली उपशीर्षकं. १९४८ च्या कायद्याने परदेशी सिनेमांच्या डबिंगवर बंदीच होती, देशी सिनेमाला संरक्षण म्हणून. सवय तेव्हापासूनची. शेजारच्या स्पेनमध्ये बरोब्बर उलटं. त्यामुळे इथल्या भाजीवालीचं इंग्रजीही छान असतं. आणि हो, आल्मेडा हॉलिवूडमध्ये काय बोलला, कसा बोलला, हे इथले लोक त्याच्याच आवाजात ऐकतात. आपल्या माणसाने परक्या भाषेत कसं निभावलं ते सगळ्यांना कळतं.

एक राहिलंच. ज्या सिनेमामुळे तो इथल्या घराघरात पोचला, तो अजून कुणी काढला नाही! 'ला काज दोरे', २०१३, इथे 'आ गायोला दोराडा', सोन्याचा पिंजरा. पॅरिसमधलं पोर्तुगीज जोडपं. ती एका श्रीमंत इमारतीची राखणदारीण, तो बांधकामावर. तीसेक वर्षं तिथे, तळमजल्याच्या दोन खोल्यांत. एक दिवस गावाकडचं घर वारशात मिळतं, अट अशी की तिथे येऊन राहायचं. आणि त्यांच्याशिवाय ज्यांचं पान हलत नाही ते मालक नि शेजारी त्यांना जाऊ देईनात. दिग्दर्शक रुबेन आल्व्हेसची आई राखणदारीण होती, वडील गवंडी. त्याने सिनेमा त्यांनाच अर्पण केलाय. फ्रान्समध्ये दहा लाखांहून जास्त लोकांनी पाहिला, इथे तर त्या वर्षी सगळ्यात जास्त चालला, आणि युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये प्रेक्षकांचा पुरस्कार मिळाला. आल्मेडा झालाय तो नवरा, जोझे. रीता ब्लांकु त्याची बायको झालीये, तीही अफाट.

आडवाट (रविवार, दुपारी ३:३५)

इथे बरीच वर्षं नुसता वाचतो, आज पहिल्यांदा लिहितोय.

तो सिनेमा मी पाहिलाय. पुण्यात एका महोत्सवात. नट कोण ते माहीत नव्हतं. बूचो वगैरे आज कळलं.

माझे वडील गवंडी होते. सोलापूरकडून मुंबईला आले, इमारती बांधल्या, आम्ही मात्र पत्र्याच्या खोलीत. सिनेमात तो जोझे कामावरून घरी येतो, आणि त्याचे खांदे. मी फक्त खांदेच बघत होतो. दिवसभर ओझं उचलणारा माणूस घरात शिरला तरी लगेच सरळ होत नाही, थोडा वेळ तसाच वाकलेला असतो. आणि मालकासमोर मान डोलवायची पद्धत. घरात मोठ्याने बोलणारा माणूस मालकासमोर आवाज कमी करतो, ते. हे बघून करता येतं का, मला माहीत नाही. त्याने केलंय.

फार्मासिस्टांचा मुलगा आहे हे आज वाचलं तेव्हा मी धागा बंद करून थोडा वेळ बाहेर जाऊन आलो.

घमेलं हा शब्द पोर्तुगीजमधून आलाय असं शाळेत शिकवलं होतं. पगारसुद्धा.

वसईचा_वारा (रविवार, दुपारी ३:५०)

आडवाट, लिहीत राहा दादा.

मांडवीकाठ (रविवार, दुपारी ४:२०)

चावी पण. आणि पाव.

आडवाट, तुमच्या प्रतिसादावरून एक लक्षात आलं. १९८७ च्या 'गुड मॉर्निंग बाबिलोनिया'मध्ये, तावियानी बंधूंच्या, आल्मेडा इटलीतल्या चर्चं दुरुस्त करणाऱ्या कारागिराचा मुलगा आहे. दोघं भाऊ अमेरिकेत जातात, हाल काढतात आणि शेवटी मूकपटांचा अमेरिकन दिग्दर्शक ग्रिफिथ याच्या अवाढव्य सेटसाठी हत्ती घडवतात. म्हणजे तिशीत पहिली मोठी भूमिका दगडकाम करणाऱ्या स्थलांतरिताची, आणि छप्पन्नाव्या वर्षी पुन्हा तीच, गवंडी, परका मुलुख. मधल्या सगळ्या बंदुका या दोन थाप्यांच्या मध्ये आहेत.

सायंतारा (सोमवार, रात्री १२:१०)

आत्ता 'ला काज दोरे' संपला. मुलगाही बसला होता शेवटपर्यंत.

'नासाडी' शब्द मागे घेतो. नाट्यवेडा, तुमची माफी मागतो, तो शब्द मी आरामखुर्चीत बसून लिहिला होता. हॉलिवूडबद्दलची तक्रार मात्र आहेच. 'फास्ट एक्स'मध्ये (२०२३) दहा-बारा वर्षांनी पुन्हा तोच रेयेस म्हणून बोलावलं, आणि मधल्या काळात त्याने हा जोझे केला होता. कुणीच पाहिला नसेल का तिकडे?

आडवाट, खांदे पाहिले. जेवणाच्या टेबलावर मुलीच्या सासरचे लोक येतात तेव्हा तर फारच. मुलाने विचारलं, हा खरंच तोच माणूस आहे का. मी होय म्हणालो, तर त्याला पटेना.

उद्या होम्स शोधतोय. तेजूताई, इंग्रजी उपशीर्षकांसह कुठे मिळेल?

तेजू_लिस्बन (सोमवार, पहाटे ४:३०)

इथल्या जुन्या डीव्हीडीच्या दुकानात विचारते आणि कळवते. शनिवारपर्यंत थांबा.